चौकशी चालू असताना बदली झाली, तर न्यायाधिकरण नेमकं काय तपासतं?

समजा, निफाडच्या एका सरकारी कार्यालयातल्या वरिष्ठ लिपिकाच्या हातात नोव्हेंबरमधल्या एका शुक्रवारी संध्याकाळी पाकीट पडतं. आत अर्ध्या पानाचा आदेश: ‘प्रशासकीय कारणास्तव आपली बदली सुरगाणा येथील रिक्त पदावर करण्यात येत आहे. आपणास आज रोजी मध्यान्होत्तर कार्यमुक्त करण्यात येत आहे.’ या पदावर त्याला १६ महिने झालेत. ऑगस्टमध्ये त्याच्याविरुद्ध तक्रार आली, सप्टेंबरमध्ये खुलासा मागवला गेला, दोषारोपपत्र अजून बजावलेलं नाही. कार्यालयात लगेच दोन मतं पडतात. एक जण छातीठोकपणे सांगतो, ‘चौकशी चालू असताना बदली करताच येत नाही.’ दुसरा तितक्याच खात्रीने म्हणतो, ‘बदली हा सरकारचा अधिकार आहे, कोर्ट त्यात पडत नाही.’

दोघांचंही चुकतं. चौकशी चालू आहे म्हणून कर्मचाऱ्याला बदलीपासून संरक्षण मिळत नाही, आणि चौकशी चालू आहे एवढ्यावर बदली कायदेशीरही ठरत नाही. राज्य कर्मचाऱ्यांचे सेवाविषयक वाद ऐकणाऱ्या महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणासमोर प्रश्न येतो तो वेगळाच: आदेश निघायच्या आधी नस्तीत, म्हणजे कार्यालयाच्या फाइलमध्ये, कोणतं कारण लिहिलं होतं, ते कोणी तपासलं आणि कोणत्या तारखेला मंजूर केलं. तक्रार खरी की खोटी, याचा निवाडा बदलीच्या खटल्यात होत नाही. तिथे तपासली जाते ती नस्ती. हे एकदा नीट लक्षात आलं की वकिलाची फी, महिनाभराची धावपळ आणि बराच मनस्ताप वाचतो.

बदली ही शिक्षा नाही, आणि तिथेच सगळी मेख आहे

महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ मधला नियम ५ उघडून बघा. त्यात शिक्षांची यादी आहे. ठपका ठेवणं, पदोन्नती रोखणं, पगारातून वसुली, वेतनवाढ रोखणं या किरकोळ शिक्षा. पदावनती, सक्तीची सेवानिवृत्ती, सेवेतून काढून टाकणं, बडतर्फी या जबर शिक्षा. ‘बदली’ हा शब्द त्या यादीत कुठेच नाही.

याचे दोन अर्थ निघतात आणि ते एकमेकांच्या विरुद्ध दिशेला जातात. बदली शिक्षा नाही, म्हणून ती करण्याआधी दोषारोपपत्र, साक्षीपुरावे, चौकशी अहवाल असं काही लागत नाही. सरकारी नोकरी पत्करली की बदली ओघाने आलीच. आणि बदली शिक्षांच्या यादीत नाही, म्हणूनच तिचा शिक्षेसारखा वापर करायला कोणत्याही अधिकाऱ्याला अधिकार नाही. चौकशी करून गुन्हा शाबीत करायचा कंटाळा आला, म्हणून ‘टाका याला सुरगाण्याला’ असं करता येत नाही.

इथे थोडं थांबून एक गोष्ट सांगायलाच हवी. नाशिक जिल्ह्यात सुरगाणा, पेठ, त्र्यंबकेश्वर या आदिवासी तालुक्यांची नावं बदलीच्या गप्पांत ‘शिक्षेची ठिकाणं’ म्हणून घेतली जातात. ज्याच्यावर पैसे मागितल्याचा आरोप आहे, त्याला तक्रार करायची ताकद सगळ्यात कमी असलेल्या लोकांमध्ये नेऊन बसवायचं, ही रीत त्या तालुक्यांवर उघड अन्याय करणारी आहे. आरोप खरा असेल तर चौकशी पूर्ण करून शिक्षा द्यावी, खोटा असेल तर माणसाला मोकळं करावं. पत्ता बदलून यातलं काहीच होत नाही.

सर्वोच्च न्यायालयाच्या निकालांचे दोन काठ

२००४ च्या जनार्दन देबनाथ प्रकरणात टपाल खात्यातल्या कर्मचाऱ्यांवर वरिष्ठ महिला अधिकाऱ्याशी गैरवर्तन केल्याचा आरोप होता आणि त्यांच्या बदल्या झाल्या. सर्वोच्च न्यायालय म्हणालं की, शिस्त आणि कामकाज सुरळीत राहण्यासाठी बदली करायची असेल, तर आधी सविस्तर चौकशी करून गैरवर्तन सिद्ध करावं असा आग्रह धरता येणार नाही. प्रथमदर्शनी समाधान पुरेसं आहे. सरकारी वकील हा निकाल हमखास पुढे करतात.

दुसऱ्या काठावर २००८ चा सोमेश तिवारी निकाल आहे. तिथे एका निनावी तक्रारीची चौकशी झाली, तथ्य आढळलं नाही, तरीही अधिकाऱ्याला दूर पाठवलं गेलं. न्यायालयाने म्हटलं की शिक्षेऐवजी केलेली बदली पूर्णपणे बेकायदेशीर असते. कर्मचाऱ्याचे वकील हा निकाल घेऊन उभे राहतात.

वरवर पाहता हे निकाल एकमेकांना छेद देतात असं वाटतं. तसं नाही. एका प्रकरणात वातावरण बिघडलं होतं आणि माणसाला तिथून हलवण्यामागे कामाशी निगडित कारण होतं. दुसऱ्यात हलवण्याजोगं काही उरलंच नव्हतं, राहिला होता फक्त राग. आपलं प्रकरण कोणत्या काठाला लागतं, हे ओळखण्यासाठी एक साधा प्रश्न विचारा: या माणसाला इथेच ठेवलं असतं तर चौकशीला किंवा कामाला नेमकी कोणती बाधा आली असती? साक्षीदार त्याच्याच हाताखालचे आहेत, ज्या दस्तऐवजांवर आरोप उभे आहेत ते त्याच्याच कपाटात आहेत, कार्यालयात रोज वाद होत आहेत, अशी उत्तरं नस्तीत लिहिलेली असतील तर बदली बहुधा टिकते. नस्तीत उत्तरच नसेल तर टिकणं अवघड.

आदेशाची भाषाही महत्त्वाची. ‘आपल्या भ्रष्ट वर्तनामुळे’ असे शब्द आदेशातच आले, तर तो आदेश कर्मचाऱ्याच्या नावावर डाग लावतो आणि मग म्हणणं ऐकून न घेता तो काढता येत नाही. म्हणून अनुभवी आस्थापना लिपिक आदेश कोरडा ठेवतो आणि कारणं नस्तीत सविस्तर लिहितो. तोच बरोबर मार्ग आहे. अडचण होते ती आदेशही कोरडा आणि नस्तीही कोरडी असते तेव्हा.

महाराष्ट्रात गोष्ट वेगळी का?

‘कोर्ट बदलीत पडत नाही’ हे वाक्य १९९३ च्या एस. एल. अब्बास निकालासारख्या केंद्र सरकारच्या प्रकरणांतून आलं आहे. तिथे बदल्यांसाठी फक्त मार्गदर्शक सूचना होत्या, आणि सूचना मोडली म्हणून हक्क मिळत नाही असं न्यायालय म्हणालं. पण त्याच निकालांमध्ये एक अपवाद सातत्याने येतो: वैधानिक तरतुदीचा भंग झाला असेल किंवा बदली दुष्ट हेतूने केली असेल, तर न्यायालय हस्तक्षेप करील. महाराष्ट्रात अशी वैधानिक तरतूद आहे. शासकीय कर्मचाऱ्यांच्या बदल्यांचं विनियमन आणि शासकीय कामातील विलंबास प्रतिबंध करणारा २००५ चा अधिनियम १ जुलै २००६ पासून लागू आहे. लोक त्याला ‘बदली कायदा’ म्हणतात.

त्यातली कलमं थोडक्यात अशी. कलम ३ प्रमाणे गट अ, ब आणि क साठी एका पदावरचा सर्वसाधारण कालावधी ३ वर्षं. मंत्रालयाबाहेरच्या गट क कर्मचाऱ्याला एका कार्यालयात किंवा विभागात असे दोन कालावधी पूर्ण झाल्यावर दुसरीकडे हलवायचं. कलम ४ प्रमाणे बदल्या वर्षातून एकदा, एप्रिल किंवा मे महिन्यात. बदलीस पात्र लोकांची यादी जानेवारीत तयार व्हायला हवी. याला दोन अपवाद आहेत आणि तेच समजून घेण्यासारखे आहेत.

कलम ४(४): एप्रिल-मे सोडून इतर महिन्यांत बदली करायची असेल तर अपवादात्मक परिस्थिती किंवा विशेष कारण हवं, ते लेखी नोंदवलेलं हवं आणि लगतच्या वरिष्ठ प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता हवी. ही मध्यावधी बदली. कलम ४(५): ३ वर्षं पूर्ण होण्याआधी बदली करायची असेल तर ते विशेष प्रकरण हवं, कारण लेखी हवं आणि कलम ६ च्या तक्त्यातल्या लगतच्या वरिष्ठ सक्षम प्राधिकाऱ्याची पूर्वपरवानगी हवी. ही मुदतपूर्व बदली. आपला निफाडचा लिपिक १६ महिन्यांत आणि नोव्हेंबरमध्ये हलवला गेला, म्हणजे त्याच्या बाबतीत दोन्ही कलमांची पूर्तता व्हायला हवी.

लगतचा वरिष्ठ कोण, हे अंदाजाने ठरवू नका. मूळ तक्त्यात गट ड साठी प्रादेशिक विभागप्रमुख, गट क साठी विभागप्रमुख, त्याच्या वर संबंधित मंत्री आणि त्याच्याही वर मुख्यमंत्री अशी शिडी आहे. पण कलम ६ खाली हे अधिकार खाली सोपवता येतात आणि कलम ७ प्रमाणे सक्षम प्राधिकाऱ्यांच्या याद्या विभागवार प्रसिद्ध होतात. आपल्या विभागाची त्या तारखेला लागू असलेली यादी मिळवणं हे पहिलं काम. अनेक अर्ज या एकाच मुद्द्यावर जिंकले किंवा हरले जातात.

‘प्रशासकीय कारणास्तव’ या दोन शब्दांबद्दल मुंबई उच्च न्यायालयाने २०१३ मध्येच स्पष्ट केलं आहे की, अशी मोघम शब्दयोजना म्हणजे कलम ४(५) ची पूर्तता नव्हे. कारण सांगायचं म्हणजे त्या माणसाबद्दलचं, त्या पदाबद्दलचं, त्या वेळचं कारण सांगायचं.

११ फेब्रुवारी २०१५ चं परिपत्रक

तक्रारीवरून होणाऱ्या बदल्यांसाठी सामान्य प्रशासन विभागाचं हे परिपत्रक म्हणजे खरा कळीचा कागद. त्यातला परिच्छेद ८ प्रत्येक आस्थापना शाखेच्या भिंतीवर लावण्यासारखा आहे. ३ वर्षांपेक्षा कमी कालावधी झालेल्या कर्मचाऱ्याविरुद्ध तक्रार आली, तर केवळ तक्रारीच्या आधारे बदली करायची नाही, असं तो सांगतो. आधी वस्तुस्थिती जाणून घ्यायची, गरज असेल तिथे अहवाल मागवायचा. तक्रारीचं गांभीर्य पाहून, हा माणूस त्याच पदावर राहणं योग्य आहे की नाही, यावर बदली प्राधिकाऱ्याने ठोस मत बनवायचं. योग्य नाही असं वाटलं, तर कारणमीमांसा लिहून प्रस्ताव लगतच्या वरिष्ठाकडे पाठवायचा. त्या वरिष्ठाने नुसती सही करायची नाही. कारणं तपासून स्वतःचं मत नोंदवायचं आणि मग मान्यता द्यायची किंवा प्रस्ताव फेटाळायचा.

शेवटचं वाक्य बहुतेक जण वाचतच नाहीत: गैरवर्तणुकीच्या कारणावरून बदली केली असेल, तर त्यानंतर शिस्तभंगाची कारवाई सुरू करण्याची दक्षता घ्यावी. म्हणजे गंभीर आरोप सांगून माणसाला हलवायचं आणि मग चौकशीचं नावही काढायचं नाही, हे परिपत्रकालाच मान्य नाही. बदलीला सहा-आठ महिने झाले तरी दोषारोपपत्र नाही, हा मुद्दा न्यायाधिकरणापुढे आवर्जून मांडावा. आरोप खरोखर गंभीर वाटत होता, तर कारवाई का केली नाही, या प्रश्नाचं उत्तर मग विभागाला द्यावं लागतं.

नस्तीतल्या तारखा

न्यायाधिकरण बऱ्याचदा मूळ नस्ती मागवून घेतं. तेव्हा त्यात एक साखळी दिसायला हवी: तक्रार, तिचा आवक क्रमांक आणि तारीख, वस्तुस्थितीचा अहवाल, बदलीचा कारणांसह प्रस्ताव, नागरी सेवा मंडळाची (बदल्यांचे प्रस्ताव तपासणाऱ्या अधिकाऱ्यांच्या मंडळाची) शिफारस, लगतच्या वरिष्ठाची मान्यता, आणि सर्वांत शेवटी आदेश. नागरी सेवा मंडळं ही ३१ ऑक्टोबर २०१३ च्या टी. एस. आर. सुब्रमणियन निकालातून आली; राज्याने त्यासाठी ३१ जानेवारी २०१४ रोजी शासन निर्णय काढला. मंडळाची शिफारस सक्षम प्राधिकाऱ्यावर बंधनकारक नसते, पण ती बाजूला सारायची तर कारण लिहावं लागतं.

साखळी तुटते ती ठरावीक जागी. आदेश १४ तारखेचा आणि मान्यता १८ तारखेची, म्हणजे कार्योत्तर मान्यता. कायद्यात शब्द ‘पूर्व’ असा आहे, त्यामुळे ती चालत नाही. मंडळाच्या इतिवृत्तात २० जणांची यादी आहे आणि सगळ्यांच्या नावापुढे ‘प्रशासकीय’ हा एकच शब्द आहे. मंडळाच्या मूळ प्रस्तावात नावच नव्हतं, ते वरच्या टेबलावर शाईने वाढवलं गेलं आणि शेजारी कारण नाही. अहवालाची तारीख आदेशानंतरची आहे. किंवा अहवाल म्हणतो ‘तक्रारीत तथ्य आढळत नाही’ आणि त्याखालच्याच टिप्पणीत बदली प्रस्तावित आहे.

यातलं काही उघडं पडलं की विभाग प्रतिज्ञापत्रात नवी कारणं लिहितो: सिंहस्थाच्या कामाचा ताण होता, तिकडचं पद तातडीने भरायचं होतं. पण आदेश त्या वेळी नोंदवलेल्या कारणांवरच उभा राहिला पाहिजे, नंतर प्रतिज्ञापत्राने त्याला टेकू देता येत नाही, हे तत्त्व मोहिंदर सिंग गिल निकालापासून, म्हणजे १९७७ पासून पक्कं आहे.

दुष्ट हेतूचा आरोप मात्र जपून करावा. ‘साहेबांना माझा राग होता’ असं लिहायचं तर त्या अधिकाऱ्याला नावाने प्रतिवादी करावं लागतं आणि राग कशावरून, हे प्रसंग, तारखा, कागद देऊन दाखवावं लागतं. हे ओझं जड आहे. ज्याच्याकडे कलम ४(५) चा सरळ भंग आहे, त्याने त्या चिखलात उतरायची गरज नसते. मुदतपूर्व बदली, पूर्वमान्यता नाही, कारण नाही, अशा तीन ओळींच्या मुद्द्यावर अर्ज मंजूर होतो. तोच अर्ज २५ पानांच्या आरोपांनी भरला की खरा मुद्दा हरवतो.

पोलिसांसाठी वेगळा कायदा

नाशिक शहर आयुक्तालय असो की ग्रामीण अधीक्षक कार्यालय, पोलिसांच्या बदल्या महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम २२न प्रमाणे होतात. अंमलदाराचा एका ठिकाणचा सर्वसाधारण कालावधी ५ वर्षं. इथे कायद्यानेच सांगितलं आहे की शिस्तभंगाची कारवाई सुरू असेल किंवा योजलेली असेल, भ्रष्टाचाराचे आरोप असतील, कर्तव्यात कसूर झाली असेल, तर राज्य शासन मुदतीआधी बदली करू शकतं. हा अधिकार राज्य शासनाचा. जिल्हा किंवा आयुक्तालय पातळीवरच्या मध्यावधी बदल्या सामान्यतः उपकलम (२) खाली, त्या त्या पातळीच्या पोलीस आस्थापना मंडळामार्फत, जनहित आणि प्रशासकीय निकड दाखवून कराव्या लागतात. म्हणून पोलिसाने आदेश हातात आल्यावर पहिल्यांदा बघायचं ते हे: कोणतं उपकलम, कोणतं मंडळ, आणि मंडळाची बैठक कधी झाली.

नाशिकमधून जायचं कुठे?

यात फार गोंधळ होतो. नाशिक महसुली विभागात पाच जिल्हे आहेत: नाशिक, अहिल्यानगर, धुळे, जळगाव, नंदुरबार. विभागीय आयुक्त नाशिक रोडला बसतात, म्हणून पाचही जिल्ह्यांची दाद एकाच ठिकाणी असं वाटतं. प्रत्यक्षात नाशिक जिल्ह्यासाठी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाचं मुंबई पीठ आहे, आणि बाकीच्या चार जिल्ह्यांसाठी छत्रपती संभाजीनगरचं. नाशिकहून जळगावला बदली झाली असेल, तर वादाचं कारण कुठे घडलं आणि तुम्ही सध्या कुठे नेमणुकीस आहात, हे वकिलाला स्पष्ट सांगा. चुकीच्या पीठात अर्ज दाखल झाला तर पहिला आठवडा वाया जातो, आणि तोच आठवडा सगळ्यात महत्त्वाचा असतो.

न्यायाधिकरण फक्त राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी. जिल्हा परिषदेचे शिक्षक, ग्रामपंचायत अधिकारी आणि महापालिकेचे कर्मचारी तिथे जाऊ शकत नाहीत. त्यांना मुंबई उच्च न्यायालयात रिट याचिका करावी लागते, आणि जिल्हा परिषदेच्या बदल्या ग्रामविकास विभागाच्या शासन निर्णयांवर तपासल्या जातात. देवळालीच्या लष्करी आस्थापनांतले नागरी कर्मचारी किंवा टपाल, रेल्वेचे लोक केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जातात. एसटीच्या कामगारासाठी औद्योगिक न्यायालयाचा रस्ता आहे, कारण धोरणाच्या आडून दुष्ट हेतूने केलेली बदली १९७१ च्या कायद्याखाली अनुचित कामगार प्रथा ठरते.

न्यायाधिकरणाच्या निकालावर समाधान झालं नाही तर उच्च न्यायालयात दोन न्यायाधीशांच्या खंडपीठापुढे जाता येतं. १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालानंतर थेट सर्वोच्च न्यायालयात जाण्याची वाट उरलेली नाही.

शुक्रवारी आदेश, सोमवारी काय?

कायद्याने अर्जासाठी एक वर्षाची मुदत आहे. बदलीच्या बाबतीत ती कागदावरच. तुमच्या जागी नेमलेला माणूस रुजू झाला की अंतरिम स्थगिती मिळणं फार कठीण होतं. तेव्हा हिशेब दिवसांत करा.

बदली कायद्यात कर्मचाऱ्यासाठी अपिलाची तरतूद नाही, त्यामुळे अभिवेदनाच्या, म्हणजे वरिष्ठांकडे दिलेल्या लेखी निवेदनाच्या, उत्तरासाठी सहा महिने थांबायची गरज पडत नाही. अभिवेदन जरूर द्या, एका पानाचं, आवक शिक्क्यासह; पण त्याच्या उत्तराची वाट पाहत बसू नका. आमदाराचं शिफारसपत्र मात्र आणू नका. बाहेरचं वजन आणणं वर्तणूक नियम २३ मध्ये निषिद्ध आहे, आणि ते पत्र नस्तीत लागलं की तुमच्याच विरुद्ध वाचलं जातं.

वकिलाकडे जाताना बदली आदेश, कार्यमुक्ती आदेश, या पदावरचा नेमणूक आदेश आणि रुजू अहवाल (कालावधी यावरूनच मोजतात), कारणे दाखवा नोटीस, तुमचा खुलासा, दोषारोपपत्र असेल तर त्याची चारही जोडपत्रं, आणि तुमच्या जागी कोण येतंय त्याचा आदेश, एवढं बरोबर ठेवा. त्या येणाऱ्या सहकाऱ्याला प्रतिवादी करावंच लागतं. अर्ज मंजूर झाला तर त्याची जागा जाणार असते, त्यामुळे त्याचं म्हणणं न ऐकता निकाल देता येत नाही. ‘त्याचा काय दोष’ म्हणून संकोचाने त्याला वगळलं की अर्ज अडकतो.

माहिती अधिकारात टिप्पण्या आणि मंडळाचं इतिवृत्त मागा, पण त्याला ३० दिवस लागतात. अर्जातच मूळ नस्ती हजर करण्याची विनंती करा. अर्जाची प्रत सरकारी बाजूला आधी पोहोचवा: प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियमाच्या कलम २४ प्रमाणे समोरच्याला प्रत देऊन आणि ऐकूनच अंतरिम आदेश होतो. एकतर्फी आदेश अपवादानेच मिळतो आणि तोही १४ दिवसांपुरता. पंचवटी एक्स्प्रेसने सकाळी मुंबई गाठायची आणि त्याच दिवशी स्थगिती घेऊन परतायचं, हे प्रत येऊन पोहोचलेली असेल तरच शक्यतेत येतं.

दोषारोपपत्रालाही त्याच अर्जात आव्हान देण्याचा मोह होतो. तो टाळा. त्या दोन स्वतंत्र मागण्या आहेत, आणि निव्वळ दोषारोपपत्र दिलं म्हणून न्यायालय सहसा हस्तक्षेप करत नाही. दोन्ही एकत्र केलं की बदलीचा तातडीचा मुद्दा मागे पडतो.

रुजू व्हायचं की नाही?

स्थगिती नसेल तर व्हायचं. १९८९ मध्येच सर्वोच्च न्यायालयाने गुजरात वीज मंडळाच्या प्रकरणात सांगितलं आहे की, अभिवेदन दिलं आहे या कारणाने बदलीच्या ठिकाणी न जाणं चालत नाही. ‘न्यायालयीन हक्क राखून रुजू होत आहे’ असं रुजू अहवालात लिहा. त्याने आव्हान देण्याचा हक्क जात नाही. सगळ्यात घातक मार्ग म्हणजे आदेश न स्वीकारणं आणि वैद्यकीय रजा टाकून घरी बसणं. आदेश घरावर चिकटवून किंवा नोंदणीकृत टपालाने बजावला जातो, एकतर्फी कार्यमुक्ती होते, आणि अनधिकृत गैरहजेरीचा दुसरा आरोप तयार होतो. पहिला आरोप कदाचित सिद्ध झाला नसता. हा दुसरा हजेरीपटावरून सहज सिद्ध होतो.

जाण्याआधी पदभार नीट सोपवा. नस्त्यांची यादी क्रमांक आणि पानसंख्येसह करा, कपाटाच्या किल्ल्या, रोकड नोंदवही, मुद्देमाल, शिक्के, जे असेल ते लिहा, घेणाऱ्याची तारखेसह सही घ्या, एक प्रत स्वतःकडे ठेवा. घेणारा सही करत नसेल तर ती यादी कार्यालयप्रमुखाला आवक शिक्क्याने द्या. चौकशी चालू असताना बदललेल्या माणसावर ‘दस्तऐवज गहाळ केले’ हा आरोप मागाहून हमखास येतो आणि त्याला एकच उत्तर असतं, ती यादी.

बदलीमुळे चौकशी थांबत नाही. सुरगाण्याहून नाशिकला तारखेला यावं लागतं, त्याचा प्रवासभत्ता मागा. बचावासाठी लागणाऱ्या कागदांची मागणी चौकशी अधिकाऱ्याकडे लेखी करा, कारण जुन्या कार्यालयाचं कपाट आता तुमच्या हातात नाही. दुसऱ्या जिल्ह्यात बदली झाली असेल तर शिस्तभंगविषयक प्राधिकारी आता कोण, हे लेखी विचारून घ्या; सक्षम नसलेल्या अधिकाऱ्याने शिक्षेचा आदेश काढला तर पुढे सगळंच पुन्हा करावं लागतं.

विभागाला निलंबनाचाही पर्याय असतो

आरोप गंभीर असतील तर शिस्त व अपील नियमांतल्या नियम ४ खाली निलंबन करता येतं. पण अजयकुमार चौधरी निकालात (१६ फेब्रुवारी २०१५) सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की तीन महिन्यांत दोषारोपपत्र दिलं नाही तर निलंबन पुढे चालू ठेवता येणार नाही. राज्य शासनाने ९ जुलै २०१९ च्या शासन निर्णयात ही ९० दिवसांची मर्यादा स्वीकारली. त्याच निकालात न्यायालयाने असंही म्हटलं आहे की स्थानिक संबंध तोडण्यासाठी आणि तपासात अडथळा येऊ नये म्हणून सरकार त्या माणसाची दुसरीकडे बदली करू शकतं. ९० दिवसांनंतर परत घेतलेल्या माणसाला जुन्या टेबलावर न बसवण्याला इथे आधार आहे. मात्र कारण नोंदवण्यातून सुटका इथेही नाही.

अर्ज मंजूर झाला तर

न्यायाधिकरण आदेश रद्द करतं आणि मूळ पदावर रुजू करून घेण्यासाठी मुदत ठरवून देतं. त्यापुढचं काही गृहीत धरू नका. रीतसर कारण नोंदवून, मंडळापुढे ठेवून, पूर्वमान्यता घेऊन तीच बदली विभाग पुन्हा करू शकतो, आणि कधी कधी करतोही. त्या वेळी तुमचा पहिला विजय फारसा उपयोगी पडत नाही, कारण पहिल्यांदा चुकलेली पायरी आता भरून काढलेली असते.

आणि अर्जाच्या प्रार्थनेत, म्हणजे मागण्यांच्या भागात, एक ओळ विसरू नका. कार्यमुक्त झाल्याच्या तारखेपासून परत रुजू होईपर्यंतचा जो काळ तुम्हाला कुठेच रुजू करून घेतलं गेलं नाही, तो सक्तीचा प्रतीक्षा कालावधी, म्हणजेच कर्तव्यकाळ, धरावा अशी मागणी अर्जातच करा. ती नसेल तर निकाल हातात असूनही त्या महिन्यांचा पगार आणि सेवापुस्तकातली नोंद वेगळ्या प्रस्तावासाठी अडकून पडते.